सेवापुस्तकातला एक शब्द

२०१९ च्या ऑगस्टमधला सोमवार. आमच्या कार्यालयाच्या नोटीस बोर्डावर लिपिक संवर्गाची तात्पुरती ज्येष्ठता यादी, म्हणजे पदोन्नतीची रांग जिच्यावरून ठरते ती यादी, लागली होती. चार वर्षांत पहिल्यांदाच लागली होती, त्यामुळे जेवणाच्या सुट्टीत डबे तसेच ठेवून सगळे बोर्डापाशी गोळा झाले. माझी नेमणूक २००६ ची. नाव पहिल्या पानावरच असणार या समजुतीने मी वरून वाचायला लागले. पहिलं पान संपलं, दुसरं संपलं. तिसऱ्या पानाच्या तळाशी, ६३ पैकी ६१ व्या क्रमांकावर मी सापडले. माझ्या वर २०१४ साली लागलेली मुलं होती. त्यातल्या दोघांना देयक कसं तयार करायचं ते मीच शिकवलं होतं. ज्येष्ठतेच्या दिनांकाच्या रकान्यात ११ जुलै २०१६ आणि शेऱ्याच्या रकान्यात दोनच शब्द: विनंती बदली.

मी विनंती कधीच केली नव्हती. तिथे उभ्या उभ्याच मी तसं मोठ्याने म्हणाले. कुणी काही बोललं नाही. ज्याची त्याची नजर स्वतःच्या नावावर होती.

मी मूळची सोलापूरची. तिथल्या आमच्या खात्याच्या जिल्हा कार्यालयात लिपिक-टंकलेखक म्हणून दहा वर्षं काढली. २०१६ मध्ये तिथल्या एका शाखेचं कामच बाहेर गेलं. काही काम पुण्याच्या प्रादेशिक कार्यालयाकडे, काही कोल्हापूरला. कामाबरोबर सहा पदं गेली आणि पदांबरोबर आम्ही सहा जण. आदेशाचा विषय मला आजही पाठ आहे: ‘प्रशासकीय कारणास्तव पदांसह कर्मचारी वर्ग करणेबाबत’. आदेश निघण्याआधी आमच्याकडून एक तक्ता भरून घेतला होता. पुणे आणि कोल्हापूर, दोन्हींसमोर पसंतीक्रम लिहायचा. सोलापूर हा पर्याय त्यात नव्हताच. मी पुण्यासमोर १ लिहिला, कारण हुतात्मा एक्सप्रेसने शनिवार-रविवार घरी जाता येईल. सासूबाई सोलापुरातच राहणार होत्या, मुलगी तिसरीत होती. तो एक आकडा पुढे तीन-साडेतीन वर्षं माझ्या मानगुटीवर बसेल असं स्वप्नातसुद्धा आलं नव्हतं.

आता थोडं नियमाचं सांगते, कारण बदली झाली की ज्येष्ठता गेली असा सरसकट समज आपल्याकडे आहे आणि तो चुकीचा आहे. मुळात बदलीचा ज्येष्ठतेशी संबंध तेव्हाच येतो, जेव्हा ज्येष्ठता घटक, म्हणजे एका यादीची हद्द, बदलतो. ज्या पदाची यादी राज्यभर एकच असते, त्या पदावरचा माणूस पुण्यातून नागपूरला गेला काय आणि परत आला काय, त्याचा क्रमांक जिथल्या तिथे राहतो. लिपिकासारख्या पदांची यादी मात्र बहुतेक खात्यांत जिल्ह्याची किंवा विभागाची असते. ती हद्द ओलांडली की प्रश्न उभा राहतो. आणि मग सगळं एका गोष्टीवर ठरतं: ही हद्द शासनाने स्वतःच्या गरजेसाठी ओलांडायला लावली, की कर्मचाऱ्याने स्वतःच्या सोयीसाठी मागितली. शासनाच्या गरजेपोटी गेलेल्याची आधीची सेवा धरली जाते. स्वतः मागून गेलेला नव्या यादीत तळाशी बसतो. माझी नणंद जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका आहे. ती आंतरजिल्हा बदलीने पुणे जिल्ह्यात आली तेव्हा तिला हे आधीच स्पष्ट माहीत होतं, आणि तिने ते मान्य करूनच बदली घेतली.

हा नियम मला अन्यायाचा वाटत नाही. जो माणूस एका ठिकाणी दहा वर्षं पदोन्नतीची वाट बघत बसलाय, त्याच्या डोक्यावर बाहेरून कुणी आपल्या सोयीने येऊन बसावं हे बरोबर नाहीच. सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली केरळच्या एका प्रकरणात हेच कारण दिलंय. पण मग त्याच न्यायाने, ज्याला शासनाने उचलून आणून ठेवलंय त्याची दहा वर्षं पुसून टाकणंही बरोबर नाही.

हरकतींसाठी पंधरा दिवस दिले होते. मी दुसऱ्या दिवशी आस्थापना शाखेत, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या सेवेचे कागद सांभाळणाऱ्या शाखेत, गेले. तिथल्या बाबूंशी माझं चांगलं होतं. ते म्हणाले, “मॅडम, पुणे तुम्हीच लिहिलंय ना फॉर्मवर? मग विनंतीच झाली की.” मी म्हटलं, सोलापूरसमोर १ लिहायची सोय असती तर तोच लिहिला असता. ते हसले आणि म्हणाले, “लेखी द्या, बघू.”

लेखी दिलं. पण कसं द्यायचं हे मला आमच्या हडपसरच्या सोसायटीतल्या काकांनी शिकवलं. काका महसूल खात्यातून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेले. माझा पहिला मसुदा दोन पानांचा होता आणि त्यात दहा वर्षांची निष्ठा, घरची ओढाताण, मुलीची शाळा असं सगळं होतं. काकांनी चष्मा लावून तो वाचला आणि उलटा करून टेबलावर ठेवला. “पोरी, हे सगळं खरं आहे, पण यातलं काहीही यादीच्या रकान्यात बसत नाही. चार गोष्टी लिही. नेमणुकीचा दिनांक, वर्ग केल्याच्या आदेशाचा क्रमांक, त्या आदेशातले शब्द जसेच्या तसे, आणि ज्येष्ठतेचा कुठला दिनांक हवा तो.” हरकत एका पानात बसली. आवक शाखेत देताना दुसऱ्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक आणि दिनांक घेतला. ही पोच पुढे किती ठिकाणी लावावी लागली याची गणतीच नाही.

जानेवारी २०२० मध्ये अंतिम यादी आली. मी ६१ वरच. माझ्या नावासमोर ‘हरकत अमान्य’. कारण कुठेच लिहिलेलं नव्हतं. महिन्याभरात त्याच यादीवरून विभागीय पदोन्नती समितीची बैठक झाली आणि वरच्यांपैकी चौघांना वरिष्ठ लिपिकाचे आदेश मिळाले. त्यातला चौथा माझ्यापेक्षा सात महिन्यांनी उशिरा नोकरीला लागलेला होता. त्या दिवशी मी सगळ्यांबरोबर पेढा घेतला, पण तो खाल्ला नाही. पर्समध्ये कागदात गुंडाळून घरी नेला.

मग मी माहितीच्या अधिकारात अर्ज केला. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून, माझ्याच कार्यालयाला. स्वतःच्या कार्यालयात असा अर्ज टाकायचा म्हणजे हात कापतो. दुसऱ्या दिवशी साहेब काय म्हणतील, टेबल बदलतील का, हे सगळं मनात येतं. साहेब काहीच म्हणाले नाहीत. २८ व्या दिवशी उत्तर आलं. बारा पानं, दोन रुपये पानाप्रमाणे चोवीस रुपये भरून मी प्रती घेतल्या. त्यात ज्येष्ठता यादीच्या नस्तीतली, म्हणजे फाइलमधली, टिपणी होती आणि त्या टिपणीत एक वाक्य: ‘सदर कर्मचाऱ्यांनी पसंतीक्रमात पुणे हे ठिकाण नमूद केले असल्याने त्यांची बदली विनंतीनुसार समजण्यात यावी.’ खाली दोन सह्या. ‘समजण्यात यावी’ यावर माझं बोट अडकलं. आदेशात प्रशासकीय कारण छापलेलं असताना ते दुसरं काही समजायचा अधिकार टिपणीला कुठून आला?

त्याबरोबर मी मूळ सेवापुस्तकही, म्हणजे नोकरीच्या सगळ्या नोंदी असलेलं पुस्तक, पाहायला मागितलं होतं. सेवापुस्तक दरवर्षी कर्मचाऱ्याला दाखवून त्याची सही घ्यायची असते. सही आमचीही घेतात. एप्रिल-मेच्या गडबडीत शेवटचं पान उघडून पुढे करतात, आपण सही करतो आणि पुन्हा टेबलाला लागतो. मी तेरा वर्षं तशाच सह्या केल्या होत्या. या वेळी मात्र खुर्ची ओढून बसले आणि पहिल्या पानापासून वाचलं. अंगठ्यांचे ठसे, जन्मतारीख अक्षरी, नामनिर्देशन, पहिली वेतननिश्चिती. सोलापूरच्या नोंदी एका ओळीत, निळ्या शाईत, मोत्यासारख्या. मग पुण्यातली पहिली नोंद: ‘आदेशान्वये दि. ११.७.२०१६ रोजी म.पू. रुजू.’ आणि ‘आदेशान्वये’ व ‘दि.’ या दोन शब्दांच्या मध्ये, ओळीच्या थोडं वर, काळ्या शाईत बारीक अक्षरात लिहिलेलं: विनंतीनुसार.

माझ्याकडे दुय्यम सेवापुस्तक, म्हणजे मूळ पुस्तकाची कर्मचाऱ्याकडे राहणारी प्रत, होतं. सोलापुरात असतानाच करून घेतलेलं, आणि पुण्याला आल्यावर डिसेंबर २०१६ मध्ये अद्ययावत करून शिक्क्यासह परत मिळालेलं. घरी जाऊन मी ते काढलं. तीच नोंद, तोच दिनांक, तीच सही. ‘विनंतीनुसार’ हा शब्द त्यात नव्हता. म्हणजे तो नंतर आला. कुणी वाईट हेतूने घातला असं मी म्हणत नाही. टिपणी मंजूर झाली, म्हणून कुणीतरी नोंद तिच्याशी जुळवून घेतली असेल. पण सेवापुस्तकातल्या नोंदीत भर घालायची तर त्यावर दिनांकित सही लागते, आणि कर्मचाऱ्याला ते कळायला हवं. त्या रात्री दोन्ही पुस्तकांच्या प्रती शेजारी शेजारी ठेवून मी बराच वेळ बसले होते. नवरा म्हणाला, “आता झोप.” मला झोप येणार नव्हती.

आणखी एक कागद सासूबाईंनी काढून दिला. सामान सोलापूरहून लॉरीने आणलं होतं त्याची पावती. त्यांनी ती दूधवाल्याच्या, गॅसच्या पावत्यांबरोबर प्लास्टिकच्या पिशवीत जपली होती. त्यावरून आठवलं की मला बदली प्रवासभत्ता मिळाला होता. स्वतःच्या विनंतीवर झालेल्या बदलीला हा भत्ता मिळत नाही. माझं देयक मात्र याच कार्यालयाने मंजूर केलं होतं, लॉरीच्या भाड्यासकट, २०१६ च्या ऑक्टोबरमध्ये. पदग्रहण अवधी, म्हणजे नव्या जागी रुजू होण्यासाठी मिळणारे दिवस, तोसुद्धा मंजूर होता. म्हणजे पैसे देताना बदली प्रशासकीय आणि ज्येष्ठता देताना विनंतीची. काकांना हे सांगितलं तेव्हा ते उठून उभे राहिले. “हे आधी का नाही सांगितलंस?”

मार्च २०२० ला टाळेबंदी लागली आणि सगळंच थांबलं. मी नव्या कागदांसह प्रादेशिक प्रमुखांना निवेदन पाठवलं, मग आयुक्तालयाला, मग स्मरणपत्र, मग दुसरं स्मरणपत्र. उत्तर नाही. त्या वर्षात आमच्या शाखेतले दोघे करोनाने गेले. ज्येष्ठतेचा विषय काढायची लाज वाटावी असे ते दिवस होते.

२०२१ च्या मध्यावर शिवाजीनगर कोर्टाजवळ बसणाऱ्या एका वकीलबाईंना भेटले. सेवाविषयक प्रकरणंच त्या बघतात. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला अशा वादासाठी थेट उच्च न्यायालयात जाता येत नाही, आधी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. पुण्याच्या लोकांसाठी ते मुंबईत. वकीलबाईंनी पहिला प्रश्न विचारला तो मुदतीचा. निवेदन दिलं असेल तर सहा महिने उत्तराची वाट बघायची आणि त्यानंतर एका वर्षात अर्ज करायचा, असं १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यात आहे. करोनामुळे सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० पासूनच्या मुदती वाढवल्या होत्या, त्यामुळे माझ्या बाबतीत अडचण नव्हती. पण ज्येष्ठतेच्या वादात उशीर झाला की न्यायालयं दारातूनच परत पाठवतात, कारण एकदा बसलेली घडी मोडली की दहा जणांचं विस्कटतं. २०१० च्या ओडिशाच्या एका निकालात तीन-चार वर्षांच्या आत यादीला आव्हान द्यायला हवं असं सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय. “तुम्ही पहिल्या यादीलाच हरकत घेतलीत आणि पोच ठेवलीत, यावर तुमची केस उभी आहे,” त्या म्हणाल्या.

माझ्या बाजूने त्यांनी मांडलं ते साधं होतं. ज्येष्ठतेचे १९८२ चे नियम माझ्या बदलीच्या वेळी लागू होते, २०२१ मध्ये त्यांच्या जागी नवी नियमावली आली. पायाभूत तत्त्व अखंड सेवेचं. आपल्याच राज्यातल्या डायरेक्ट रिक्रूट क्लास टू इंजिनिअरिंग ऑफिसर्स असोसिएशनच्या प्रकरणात, १९९० मध्ये, घटनापीठाने सांगितलं की नियमाप्रमाणे नेमणूक झालेल्याची ज्येष्ठता नेमणुकीच्या दिनांकापासून धरायची. माझी नेमणूक नियमाप्रमाणे होती, पद तेच, वेतनश्रेणी तीच, खातं तेच. मधे खंड एका दिवसाचाही नाही.

मग त्या म्हणाल्या, “आता बाधित होणाऱ्यांची नावं द्या. त्यांना प्रतिवादी करावं लागेल.”

हे मला माहीत नव्हतं. तुम्ही वर गेलात तर जे खाली जाणार, त्यांचं ऐकून घेतल्याशिवाय न्यायाधिकरण निकाल देत नाही, आणि ते रास्तच आहे. पण नोटीस जाणार होती माझ्या शेजारच्या टेबलावर. २००७ साली पुण्यातच लागलेला माझा सहकारी. मी पुण्यात नवी असताना पीएमपीच्या बसपासपासून मुलीच्या शाळेपर्यंत सगळं त्याने सांगितलेलं. आम्ही चौघं रोज एकत्र डबा खायचो. माझी शेंगाचटणी त्याला इतकी आवडायची की मी सोलापूरहून येताना त्याच्यासाठी वेगळी पुडी आणायचे.

नोटीस मिळाली त्या दिवशी तो काही बोलला नाही. दुसऱ्या दिवशी डबा घेऊन दुसऱ्या शाखेत गेला. आठवडाभराने मीच त्याला गच्चीवर गाठलं. म्हटलं, “दादा, तुमच्याविरुद्ध नाहीये हे. कायद्याने नाव घालावं लागतं.” तो म्हणाला, “मला कळतं हो. पण माझ्या बाजूने बघा. मी चौदा वर्षं याच इमारतीत आहे. २०१६ पर्यंत मला माझा नंबर माहीत होता, माझ्या पुढे कोण, मागे कोण, सगळं. मग वरून एक आदेश येतो, सोलापूरची चार माणसं येतात. मला कुणी विचारलं का?” मी म्हटलं, “मलाही कुणी विचारलं नव्हतं.” मग आम्ही दोघंही गप्प उभे राहिलो. खाली रस्त्यावर शाळेच्या व्हॅनची रांग लागली होती. तो जाताना म्हणाला, “तुमचं खरं असेल तर तुम्हाला मिळायला पाहिजे. पण मी आनंदाने टाळ्या वाजवीन अशी अपेक्षा ठेवू नका.” त्याच्या जागी मी असते तर इतकंही बोलले नसते.

यात मला कार्यालयाचा खरा दोष दिसतो. वर्ग झालेल्यांची ज्येष्ठता कशी लावायची हे २०१६ च्या आदेशातच एका ओळीत लिहिता आलं असतं. यादी दरवर्षी १ जानेवारीच्या स्थितीला काढायची असते. ती २०१७ ला निघाली असती तर वाद तेव्हाच मिटला असता, आणि कुणी चार वर्षं चुकीच्या नंबरावर आशा बांधली नसती.

मुंबईच्या तारखा. पहाट अंधारी असताना उठायचं, दोन वेळचा स्वयंपाक करून ठेवायचा, ७.१५ ची डेक्कन क्वीन. किरकोळ रजा तिथेच संपल्या. दोन तारखांना शासनाकडून उत्तर दाखल झालं नव्हतं, एका तारखेला प्रकरण पुकारायच्या आधीच वेळ संपली. शेवटी मार्च २०२२ मध्ये न्यायाधिकरणाने मूळ वादावर स्वतः निकाल न देता आदेश दिला: अर्जदार आणि बाधित कर्मचारी दोघांचं म्हणणं ऐकून, बदलीचा आदेश, प्रवासभत्त्याचं देयक आणि सेवापुस्तक तपासून, आठ आठवड्यांत सकारण निर्णय घ्या. मला आधी वाईट वाटलं, वाटलं की पुन्हा त्याच दारात पाठवलं. वकीलबाई म्हणाल्या, “सकारण या शब्दाची किंमत तुम्हाला अजून कळली नाही. आता त्यांना कारण लिहावं लागेल, आणि या कागदांपुढे दुसरं कारण लिहिता येणार नाही.”

तसंच झालं. सुनावणीला नवे अधिकारी होते. त्यांनी मूळ सेवापुस्तक स्वतः उघडलं, ती ओळ बोटाने दाखवून आस्थापनेला विचारलं, “ही भर कुणाच्या सहीने?” उत्तर नव्हतं. सहकाऱ्यालाही त्यांनी नीट पंधरा मिनिटं ऐकलं. जूनमध्ये आदेश निघाला. बदली प्रशासकीय, ज्येष्ठतेचा दिनांक मूळ नेमणुकीचा, सेवापुस्तकातला शब्द वगळण्यात यावा. मी ६१ वरून ११ वर आले. लाल शाईने तो शब्द खोडून शेजारी साहेबांनी दिनांकित सही केली तेव्हा मी समोर उभी होते.

पदोन्नती मात्र आपोआप होत नाही. पुढच्या बैठकीसाठी पाच वर्षांचे गोपनीय अहवाल, मत्ता व दायित्वाची विवरणपत्रं, चौकशी नसल्याचं प्रमाणपत्र, विभागीय परीक्षेचा निकाल, हे सगळं पुन्हा गोळा झालं. माझ्या एका वर्षाचा गोपनीय अहवालच सापडत नव्हता, तो सोलापूरहून मागवला. डिसेंबर २०२२ मध्ये मी वरिष्ठ लिपिक झाले. माझा कनिष्ठ २०२० मध्ये पुढे गेला होता, म्हणून मला त्याच्या पदोन्नतीचा मानीव दिनांक मिळाला. मानीव दिनांक म्हणजे वेतन त्या दिवसापासून कागदावर निश्चित होतं, वेतनवाढी धरल्या जातात, पण मधल्या काळाची थकबाकी हातात मिळत नाही. जे काम केलंच नाही त्याचा पगार नाही, हे त्यामागचं म्हणणं. काम मला करू दिलं गेलं नाही, हे माझं म्हणणं. पण त्यावर पुन्हा भांडायची ताकद माझ्यात उरली नव्हती.

त्या निवडसूचीत पाच जागा होत्या. सहकारी सहावा निघाला. अकरा महिन्यांनी एक जण निवृत्त झाल्यावर त्याची पदोन्नती झाली. त्या दिवशी त्याने पेढे वाटले, माझ्या टेबलावर आला तेव्हा दोन ठेवले. आता तो पुन्हा आमच्यात डबा खातो, रोज नाही, पण येतो. चटणी मी अजूनही आणते.

माझ्यासारखंच वाटणारं, पण वेगळं असलेलं एक प्रकरण त्याच काळात आमच्या शाखेत चाललं होतं. सांगलीहून आलेली एक मैत्रीण. नवऱ्याची नोकरी पिंपरीला, म्हणून तिने २०१९ मध्ये स्वतः अर्ज करून बदली घेतली. ज्येष्ठता सोडत असल्याचं हमीपत्रही दिलं. ती यादीत शेवटी, आणि याबद्दल तिची कधीच तक्रार नव्हती. पण २०२१ मध्ये काय झालं, की वरच्या काही जणांनी पुण्याबाहेरची नेमणूक नको म्हणून पदोन्नती नाकारली, काहींची विभागीय परीक्षा राहिलेली होती, आणि सरकत सरकत विचार तिच्यापर्यंत आला. तेव्हा आस्थापनेने लिहिलं: या कार्यालयातली सेवा तीन वर्षं पूर्ण नाही, सबब अपात्र. सेवाप्रवेश नियमात लिपिक पदावर तीन वर्षं नियमित सेवा एवढंच होतं, ‘या कार्यालयातली’ असं कुठेही नव्हतं. सांगलीत तिची नऊ वर्षं झालेली.

हे ऐकल्यावर मी तिला माझ्या वकीलबाईंकडे घेऊन गेले. त्यांनी सर्वोच्च न्यायालयाचा १९९८ चा एक निकाल काढला, आणि गंमत वाटली ती याची, की त्यातला कर्मचारी आपल्या पुण्याच्या सेंट्रल ऑर्डनन्स डेपोतला स्टोअरकीपर होता. स्वतःच्या विनंतीने तो कोचीनला गेला, तिथल्या यादीत तळाशी बसला. पदोन्नतीच्या वेळी त्याची पुण्यातली सेवा धरत नव्हते. न्यायालयाने सांगितलं, ज्येष्ठता वेगळी आणि पात्रता वेगळी. विनंतीवर गेल्याने रांगेतली जागा जाते, पण त्या पदावर काम केल्याची वर्षं जात नाहीत, आणि पात्रतेसाठी ती धरावीच लागतात.

मैत्रिणीला मॅटमध्ये जावं लागलं नाही. तो निकाल आणि सेवाप्रवेश नियमाची प्रत जोडून तिने एक पानी निवेदन दिलं, दीड महिन्यात आस्थापनेने टिपणी बदलली. रांगेत ती होती तिथेच, म्हणजे शेवटीच आहे. पण रांगेत आहे. मागच्या वर्षी तिचा आदेश आला, नेमणूक बारामतीला. ती पहाटे स्वारगेटवरून एसटी धरते आणि रात्री आठला घरी येते. मी विचारलं, जमेल का? म्हणाली, “नाकारली तर पुन्हा कधी येईल कुणास ठाऊक. दोन वर्षं काढते.”

माझ्याबरोबर सोलापूरहून पुण्याला आलेले बाकीचे तिघं अजून तळाशीच आहेत. २०१९ मध्ये त्यांनी हरकत घेतली नव्हती. एकाला वाटलं साहेब नाराज होतील, एकीचं बाळंतपण होतं, एकाने यादी पाहिलीच नाही. माझा आदेश आल्यावर आम्ही चौघांनी मिळून त्यांची निवेदनं केली, माझ्या आदेशाची प्रत, तिघांच्या प्रवासभत्त्याची देयकं आणि २०१६ चा मूळ आदेश लावून. एकीच्या सेवापुस्तकात तो शब्द आहे, दोघांच्या नाही, आणि तरीही तिघंही यादीत विनंतीवरच आहेत. उशिराचा मुद्दा त्यांना आडवा येणार हे आम्हाला माहीत आहे. एकाच आदेशाने आलेल्या चौघांपैकी एकाला प्रशासकीय आणि तिघांना विनंती असं कसं ठरवणार, हा आमचा मुद्दा आहे. मागच्या आठवड्यात मी आयुक्तालयात कामासाठी गेले होते तेव्हा चौकशी केली. नस्ती विधी शाखेतून अभिप्रायासह परत आली आहे, आता उपायुक्तांच्या टेबलावर आहे. बाकी दोघांची नोकरी अजून बरीच उरली आहे, त्यांना थांबता येईल. तिसरे मात्र पुढच्या मे महिन्यात निवृत्त होत आहेत.